येकलचा जेक झाला, म्हणजे नेमकं काय झालं?

‘येकल’ नावाची एक छोटीशी कादंबरी आहे, १८९६ सालची. त्यात गितल नावाची बाई रशियन साम्राज्यातल्या एका खेड्यातून लहान पोराला घेऊन न्यूयॉर्कला नवऱ्याकडे येते. नवरा, म्हणजे येकल, तीन वर्षं आधीच आलाय, त्यामुळे तो स्वतःला अस्सल अमेरिकन समजतो, आणि आल्याआल्या तिची शिकवणी घ्यायला लागतो. जेवणाला गावाकडचा शब्द वापरायचा नाही, इथे त्याला ‘डिनर’ म्हणतात. आता गंमत अशी की यिडिश भाषेत ‘दिनर’ म्हणजे ‘आणखी बारीक’. गितल गोंधळलेली असते, पण पटकन विचारते, आणि माणूस जाड झाला तर मग काय म्हणायचं?

हा जोक मला फार आवडतो. नवऱ्याला वाटतंय बायको अडाणी आहे, पण दोघांत शब्दांशी खेळायची अक्कल तिलाच जास्त आहे, फक्त ती अक्कल ज्या भाषेतली आहे त्या भाषेला इथे काही भाव नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेत ज्यू स्थलांतरितांवर ज्या कथा-कादंबऱ्या आल्या त्या वाचायच्या असतील तर माझं साधं मत आहे की सगळं लक्ष पात्रांच्या तोंडाकडे ठेवा. कोण कुठली भाषा बोलतंय, कोणाचं बोलणं लेखकाने तुटकं लिहिलंय आणि कोणाचं सफाईदार, एवढं बघत गेलात की ‘असिमिलेशन’ या जड शब्दाचा अर्थ आपोआप कळतो. असिमिलेशन म्हणजे नवीन समाजात मिसळून जाणं, त्यांच्यासारखं होणं. आपल्याकडे दुधात साखर विरघळल्यासारखं वगैरे म्हणतात. साखरेला काय वाटतं ते या लोकांनी लिहून ठेवलंय.

आधी थोडी पार्श्वभूमी, नाहीतर पुढचं डोक्यावरून जाईल. आपल्याकडे ज्यू म्हटलं की रेवदंडा-अलिबागकडचे बेने इस्राएल आठवतात, घरात मराठी बोलणारे, शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवायचे म्हणून शनवार तेली. हे लोक त्यांच्यापेक्षा वेगळे. हे पूर्व युरोपातले, बहुतेक रशियाच्या झारच्या राज्यातले, जिथे ज्यूंना ठरवून दिलेल्या पट्ट्यातच राहायची परवानगी होती. त्यांची घरची भाषा यिडिश, म्हणजे मुळात जर्मन वळणाची, त्यात हिब्रू आणि स्लाव शब्द मिसळलेले, लिहायची हिब्रू लिपीत. हिब्रू होती, पण ती प्रार्थनेची आणि पोथ्यांची. १८८१ मध्ये झार दुसरा अलेक्झांडर बॉम्बहल्ल्यात मारला गेला, त्यानंतर ज्यूंविरुद्ध दंगली उसळल्या, १८८२ मध्ये त्यांच्यावर आणखी जाचक कायदे आले, गरिबी तर आधीपासून होतीच, आणि मग जी रीघ लागली ती १९२४ मध्ये अमेरिकेने कोटा लावून दार जवळजवळ बंद करेपर्यंत. या काळात वीस लाखांहून जास्त ज्यू अमेरिकेत आले. मोठा लोंढा न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइडला उतरला. हेस्टर स्ट्रीट, ऑर्चर्ड स्ट्रीट, डिलॅन्सी स्ट्रीट, ही नावं या पुस्तकांत इतक्यांदा येतात की नकाशा पाठ होतो. पाच-सहा मजली टेनेमेंट, म्हणजे चाळच म्हणा पण गॅलरी नाही आणि आतल्या खोल्यांना उजेड नाही, खाली रस्त्यावर हातगाड्या, मासळी, लोणची, जुने कपडे, आणि वर खोल्यांमध्ये शिलाई मशीन. भाडं परवडत नाही म्हणून घरात आणखी एखादा भाडोत्री ठेवलेला. हा भाडोत्री लक्षात ठेवा, कथेत तो हमखास काहीतरी घोळ घालतो.

नव्याने आलेल्याला ‘ग्रीनहॉर्न’ म्हणायचे, यिडिशमध्ये ‘ग्रीनर’, म्हणजे हिरवा, कच्चा. यिडिशमध्ये त्यासाठी एक क्रियापदही आहे, ‘आउसग्रीनेन’, म्हणजे अंगावरचा हिरवेपणा उतरणं. आणि जो पूर्ण उतरवून, पैसे कमावून, पोट सुटून, अंगठ्या घालून फिरतो तो ‘ऑलराइटनिक’. इंग्रजी ‘ऑलराइट’ला यिडिश-रशियन शेपूट. या लोकांना नवीन देशाची टर उडवायलाही नवीन देशाचाच शब्द लागला, आणि तो त्यांनी आपल्या पद्धतीने शिवून घेतला!

आता येकलकडे परत. लेखक अब्राहम काहान, १८६० मध्ये विल्ना शहराजवळ जन्मलेला, १८८२ मध्ये अमेरिकेत आलेला, समाजवादी, पत्रकार. इंग्रजी तो अमेरिकेत आल्यावर शिकला, आणि चौदा वर्षांत त्या भाषेत त्याचं पुस्तक आलं. येकलने स्वतःचं नाव ‘जेक’ केलंय, तो कपड्यांच्या कारखान्यात काम करतो, बॉक्सिंगच्या मॅचेसवर अधिकारवाणीने बोलतो, संध्याकाळी डान्स शिकवणाऱ्या क्लासमध्ये पोरींबरोबर नाचतो, आणि गावाकडे बायको-पोर आहे हे कोणाला सांगत नाही. मग वडील गेल्याचं पत्र येतं, काळजात चर्र होतं, आणि तो बायकोला तिकीट पाठवतो. ती उतरते तेव्हा तिच्या डोक्यावर विग. लग्न झालेल्या धार्मिक ज्यू बाईने स्वतःचे केस परपुरुषाला दाखवायचे नसतात म्हणून विग घालायची पद्धत, म्हणजे तिच्या दृष्टीने ती नवऱ्यासमोर अगदी नीटनेटकी, मर्यादशील बायको म्हणून आलीये. आणि त्याला काय वाटतं, तर लाज. आजूबाजूचे अमेरिकन काय म्हणतील. ज्या अमेरिकनांना तो धड ओळखतही नाही!

पोराचं नाव योसेलेचं जोई होतं. एक मिथक इथेच मोडून टाकतो, कारण व्हॉट्सअपवर सुद्धा फिरतं ते, की एलिस बेटावरच्या, म्हणजे न्यूयॉर्क बंदरातल्या स्थलांतरितांच्या तपासणी नाक्यावरच्या, साहेबांनी सगळ्यांची नावं बदलली. तसं नव्हतं. एलिस बेटावरचे इन्स्पेक्टर जहाजाच्या यादीवरची नावं तपासायचे, नवीन नाव द्यायचं काम त्यांचं नव्हतं. नावं बहुतेक लोकांनी नंतर स्वतःच बदलली, कामावर, शाळेत, कोर्टात. साहेबाने बदललं असं सांगणं सोपं जातं, मी बदललं म्हणायला जीभ अडखळते.

‘येकल’मधली खरी करामत मात्र लेखनाच्या पद्धतीत आहे. पात्रं यिडिशमध्ये बोलत असतात तेव्हा काहान ते साध्या, बऱ्यापैकी शुद्ध इंग्रजीत देतो. आणि त्या यिडिश बोलण्यात मध्येच जे इंग्रजी शब्द घुसतात ते तो तिरक्या टाइपात, मोडक्या उच्चारासकट छापतो. म्हणजे पानावर जे वेडंवाकडं दिसतं ते त्यांचं यिडिश नाही, त्यांचं अमेरिकनपण आहे. जेक जेवढा जास्त अमेरिकन व्हायला जातो तेवढं त्याचं बोलणं जास्त तिरकं, जास्त हास्यास्पद. त्या काळच्या अमेरिकन संपादकांना यातलं काय कळलं माहीत नाही, मासिकांनी तर सुरुवातीला नाकारलंच, ईस्ट साइडच्या ज्यूंच्या आयुष्यात आमच्या वाचकाला काय रस असणार म्हणून. शेवटी काहानने ती यिडिशमध्ये करून १८९५ मध्ये क्रमशः छापली, आणि नंतर विल्यम डीन हॉवेल्ससारखा त्या काळचा वजनदार लेखक पाठीशी उभा राहिला तेव्हा इंग्रजी पुस्तक निघालं.

शेवट सांगून टाकतो, सव्वाशे वर्षं झाली, स्पॉयलर वगैरे काही नाही आता. जेक गितलला घटस्फोट देतो, त्यासाठी गितलला द्यायचे पैसे त्याची मैत्रीण मेमी स्वतःच्या बचतीतून भरते. राबायच्या, म्हणजे ज्यू धर्मगुरूच्या, घरी घटस्फोटाच्या दिवशी गितल येते ती स्वतःच्या केसांत, टोपी घालून, आणि तिच्या चेहऱ्यावरचा गावंढळपणा पार गेलेला असतो. ती त्या पैशातून किराणा दुकान काढणार असते, घरातल्या भाडोत्र्याशी लग्न करून, जो शांत, पुस्तकं वाचणारा माणूस आहे (म्हटलं होतं ना, भाडोत्री). आणि जेक? तो मेमीबरोबर केबल कारमधून लग्नाची नोंद करायला निघालाय आणि प्रत्येक स्टॉपला त्याला वाटतंय की गाडी इथेच थांबून राहावी, पुढे जाऊच नये. हिरवेपणा झटकायचा ज्याने जिवाचा आटापिटा केला तो गाडीत घाबरून बसलाय, आणि जिची लाज वाटत होती ती आपली हळूहळू, आपल्या गतीने, दुकानदारीण होऊन मोकळी. १९७५ मध्ये यावर ‘हेस्टर स्ट्रीट’ नावाचा सिनेमा आला, कृष्णधवल, बरेच संवाद यिडिशमध्ये, गितलचं काम केलेल्या कॅरल केनला ऑस्करचं नामांकन मिळालं होतं. मिळाला तर जरूर बघा.

काहानचीच दुसरी आणि मोठी कादंबरी १९१७ची, ‘द राइझ ऑफ डेव्हिड लेविन्स्की’. जाडजूड आहे, मधला भाग थोडा रेटावा लागतो, कपड्यांच्या धंद्याचे इतके तपशील की कधीकधी वाटतं आपण कॉस्टिंग शीट वाचतोय. पण पहिल्याच पानावर हिशोब मांडलेला आहे, १८८५ मध्ये खिशात चार सेंट घेऊन आलो, आज वीस लाख डॉलरहून जास्तीचा धनी आहे, आणि तरी हे सगळं पोकळ वाटतं. डेव्हिड गावाकडे तालमूद शिकणारा पोरगा. तालमूद म्हणजे ज्यूंच्या धर्मशास्त्रावरची प्रचंड वादचर्चा, ती शिकताना अंग डोलवत, हात हलवत, सूर लावत वाद घालायचा असतो. अमेरिकेत आल्यावर एक भला माणूस त्याला कपडे घेऊन देतो, न्हाव्याकडे नेतो, आणि कानाजवळच्या केसांच्या बटा कापल्या जातात. आपल्याकडे शेंडी कापून घेण्यावरून जे महाभारत घडायचं ते आठवा.

पुढे त्याला कॉलेजला जायचं असतं, ते सिटी कॉलेज त्याला देवळासारखं वाटतं, पण एक दिवस कारखान्यात त्याच्या हातून रेशमी कोटांवर दुधाची बाटली सांडते, मालक सगळ्यांसमोर अपमान करतो, आणि डेव्हिड ठरवतो की याचाच डिझायनर फोडायचा आणि स्वतःचा धंदा काढायचा. कॉलेज राहिलं ते राहिलंच. गावच्या लोकांना तो कामावर ठेवतो, शनिवारी सुट्टी देतो, आपलेपणाने वागवतो, आणि त्या बदल्यात ते युनियनच्या दरापेक्षा कमी पैशात राबतात. हा भाग मला फार भेदक वाटतो कारण इथे आपली माणसं, आपला धर्म, आपली आठवण हे सगळं सोडून दिलेलं नाहीये, उलट धंद्याला जुंपलंय. लोक समजतात की मिसळून जाणं म्हणजे जुनं टाकून देणं. लेविन्स्की टाकत नाही, वापरतो.

आणि तोंडाचं काय? त्याचं इंग्रजी चांगलं होतं, पण हात ऐकत नाहीत. बोलताना तालमूदी हातवारे होतातच, लोक हसतात, आणि तो हात आवरायचा प्रयत्न करत राहतो. करोडपती झाल्यावरही रेस्टॉरंटमधल्या वेटरची त्याला भीती वाटते. शेवटी तो म्हणतो की सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनाघरात, पोथीवर डोलणारा तो गरीब पोरगा मला माझा वाटतो, हा प्रसिद्ध कोटवाला कारखानदार नाही. काही समीक्षकांना हे रडगाणं वाटतं. मला विचाराल तर थोडं आहेच, कारण त्याच्या कारखान्यात मशीनवर बसलेल्या बाईला असं उदास व्हायला वेळ नव्हता.

त्या बाईच्या बाजूने लिहिणारी बाई म्हणजे आन्झिया येझियर्स्का. पोलंडमधल्या गावातून लहानपणी आलेली, इकडे नाव झालं हॅटी मेयर, आणि लेखिका झाल्यावर तिने मुद्दाम जुनं नाव परत घेतलं. १९२० मध्ये तिचा कथासंग्रह आला, ‘हंग्री हार्ट्स’. त्यातली एक कथा सांगतोच. हाना हाया नावाची धुणं धुणारी बाई, जिच्याकडे ती कामाला जाते त्या मालकिणीचं पांढरंशुभ्र स्वयंपाकघर बघून तिला वाटतं की आपलंही असावं, मुलगा सैन्यातून परत येईल तेव्हा त्याला चांगलं घर दिसावं. पै पै साठवून ती भाड्याच्या खोलीतलं स्वयंपाकघर पांढरं रंगवते. घरमालक बघतो, म्हणतो वा, आता जागा छान झाली, आणि भाडं वाढवतो. कोर्टात जाऊनही उपयोग होत नाही. मग ती कुऱ्हाड घेते आणि ते स्वयंपाकघर स्वतःच्या हाताने फोडून टाकते. मुलगा युद्धावरून येतो तेव्हा आई सामानासकट रस्त्यावर. ‘अमेरिका म्हणजे कष्ट करा आणि वर या’ या वाक्याचं इतक्या थोड्या पानांत असं भरीत केलेलं मी दुसरीकडे वाचलं नाहीये.

तिची सगळ्यात गाजलेली कादंबरी १९२५ची, ‘ब्रेड गिव्हर्स’. सारा स्मोलिन्स्की, चार बहिणीत धाकटी, वडील रात्रंदिवस धर्मग्रंथ वाचणार आणि घर चालवणार बायका, कारण पोथ्या वाचणाऱ्या पुरुषाला पोसणं हे त्यांचं पुण्यकर्म. घरातली उजेडाची पुढची खोली वडिलांच्या पुस्तकांना. थोरल्या बहिणीचं लग्न ते मुलांचं लेंढार असलेल्या एका विधुर मासळीवाल्याशी लावून देतात. सारा सतराव्या वर्षी घर सोडते, आणि तिला काय हवं असतं तर एक दार. स्वतःचं, बंद करता येईल असं दार. भुकेली असताना ती खानावळीत रांगेत उभी राहते, वाढपी तिच्या ताटात बटाटेच वाढतो आणि मागच्या पुरुषाला मटणाचे तुकडे, ती भांडते तर उत्तर मिळतं की पुरुषांना जास्तच वाढतात. म्हणजे वडिलांच्या घरात जी वाटणी होती तीच अमेरिकन खानावळीत, फक्त तिथे धर्माचं नाव नव्हतं. ती शिकते, शिक्षिका होते, आणि मुलांना इंग्रजी शिकवताना तिच्याच तोंडून ‘सिंग’चा शेवटचा ग ठणकतो, मुख्याध्यापक तो दुरुस्त करतो, आणि प्रेम जमतं. शेवटी म्हातारे वडील तिच्याच घरी राहायला यायचं ठरतं आणि तिला जाणवतं की खांद्यावरचं ओझं नुसतं वडिलांचं नाहीये, त्यांच्या मागच्या सगळ्या पिढ्यांचं आहे.

येझियर्स्काची भाषा मोडकी वाटते, वाक्यांची रचना यिडिश, शब्द इंग्रजी. पण ती बाई कोलंबिया विद्यापीठाच्या टीचर्स कॉलेजात शिकलेली होती, शुद्ध इंग्रजी लिहिणं तिला चांगलं येत होतं. ही मोडतोड तिने ठरवून केलेली आहे, म्हणजे कारागिरी आहे. वाचकांना मात्र वाटलं की ही थेट कारखान्यातून उठून आलेली अडाणी पण तळमळीची बाई आहे, पेपरांनी तिला ‘स्वेटशॉप सिंड्रेला’, म्हणजे घाम गाळायच्या कारखान्यातून वर आलेली परीकथेतली सिंड्रेला, करून टाकलं, सॅम्युएल गोल्डविनच्या सिनेमा कंपनीने दहा हजार डॉलर देऊन ‘हंग्री हार्ट्स’चे हक्क घेतले आणि तिला हॉलीवूडला नेलं. तिथे तिला लिहिताच येईना, परत आली. सिनेमा १९२२ मध्ये आला, शेवट गोड केलेला, आणि मूकपट! जिचं सगळं बळ बोलीत होतं तिच्या गोष्टीचा मूकपट. नंतर ती विस्मृतीत गेली, १९७० मध्ये वारली, आणि १९७५ मध्ये ‘ब्रेड गिव्हर्स’ पुन्हा छापलं गेलं तेव्हा स्त्रीवादी वाचकांनी उचलून धरलं.

मधेच एक शब्द उरकून घेतो, ‘मेल्टिंग पॉट’. हा शब्दप्रयोग घराघरात पोचला तो १९०८च्या एका नाटकामुळे, आणि नाटककार इस्राएल झँगविल हा होता लंडनचा! रशियन साम्राज्यातल्या किशिनेव्ह शहरात ज्यूंविरुद्ध झालेल्या दंगलीतून वाचलेला ज्यू संगीतकार आणि त्या दंगलीला जबाबदार अधिकाऱ्याची मुलगी, यांचं अमेरिकेत प्रेम, सगळे भेद वितळून नवा माणूस तयार. अध्यक्ष थिओडोर रूझवेल्टला नाटक भयंकर आवडलं. १९१५ मध्ये होरेस कॅलन नावाच्या विचारवंताने, तोही स्थलांतरित ज्यूच, उलट म्हणणं मांडलं की वितळायचं कशाला, ऑर्केस्ट्रा असू दे, प्रत्येक वाद्य आपल्या सुरात. ऐकायला छान आहे, पण वर सांगितलेल्या कादंबऱ्यांत ना कोणी पूर्ण वितळतं ना कोणाचा सूर लागतो.

हा भाषेचा धागा सगळ्यात टोकाला नेला हेन्री रॉथने, १९३४च्या ‘कॉल इट स्लीप’मध्ये. सहा-सात वर्षांचा डेव्हिड, संतापी बाप, मायाळू आई. आई घरात यिडिश बोलते आणि रॉथ ते इतक्या सुंदर, जवळजवळ काव्यमय इंग्रजीत लिहितो की ती एखाद्या राजघराण्यातली वाटावी. तोच डेव्हिड खाली रस्त्यावर पोरांशी इंग्रजी बोलतो तेव्हा ते पानावर इतकं चिरडलेलं उतरतं की मोठ्याने वाचल्याशिवाय कळत नाही. एकदा पोरगं हरवतं. पत्ता त्याला पाठ आहे, आईच्या तोंडून ऐकलेला, ‘बॉडे स्ट्रिट’. लोक विचारतात कुठला रस्ता, हा की तो की तो, तो रडत रडत तेच म्हणतो, बॉडे स्ट्रिट, आणि कोणाला कळत नाही. घर आहे, नंबर माहीत आहे, रस्त्याचं नावही माहीत आहे, आणि तरी तो हरवलेला. मी हे पान वाचून पुस्तक बाजूला ठेवलं होतं थोडा वेळ.

पुस्तक तेव्हा फारसं चाललं नाही, मंदीचे दिवस होते. १९६४ मध्ये पेपरबॅक आली आणि एकदम लाखोंनी खपली, तोवर रॉथ खेड्यात बदकं पाळत होता. त्याची पुढची कादंबरी आली १९९४ मध्ये, साठ वर्षांनी.

काहान मात्र कधी गप्प बसला नाही. ‘फॉरवर्ड’ नावाच्या यिडिश दैनिकाचा तो कित्येक दशकं संपादक होता, १९०६ पासून त्यात वाचकांच्या पत्रांचं सदर चालवलं, कारखान्यात प्रेम जमलंय काय करू, नवरा सोडून गेलाय काय करू, धर्म न मानणाऱ्याशी लग्न करू का, सगळ्याला उत्तरं. १९०९ मध्ये तर या पेपराने आकृती काढून यिडिशमध्ये बेसबॉल समजावून सांगितला होता. लाखो लोकांना अमेरिकन व्हायला या माणसाने शिकवलं, यिडिशमधून. तो १९५१ मध्ये वारला, आणि ‘लेविन्स्की’नंतर इंग्रजीत त्याने एकही कादंबरी लिहिली नाही.